आधी नाव घे

परवा तुझा मेसेज वाचला. दहावीचं प्रजननाचं प्रकरण आलंय, हेडसर म्हणाले 'घरी वाचून या सांगा आणि पुढं चला', आणि तू मला विचारतेस काय करू. अगं काय करू म्हणजे? शिकव. आणि शिकवताना नावं घे. योनी, शिश्न, वीर्य, मासिक पाळी. मूत्रपिंड म्हणताना जो आवाज असतो तोच ठेव, पोरं पाच मिनिटं फिदीफिदी हसतील, हसू देत, मग आपोआप वहीत लिहायला लागतात, मी बघितलंय.

मीही पहिली चार वर्षं ते गाळलंच होतं. तेव्हा एक आठवीतली मुलगी मधल्या सुट्टीत लॅबच्या दारात आली, ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत म्हणाली, "मॅडम, तिथं दुखतंय." कुठं, कधीपासून, कुणी काही केलं का, काही विचारलं नाही मी. "आईला सांग" म्हणाले आणि परीक्षानळ्या धूत राहिले. दिवाळीनंतर ती शाळेत आलीच नाही. तिच्याकडे शब्द नव्हता कारण आम्ही कुणी तो दिलाच नव्हता. माझी नोकरी कायम व्हायची होती, घरात माझाच एक पगार, कारणं खरी होती गं, आजही खरीच वाटतात, पण ते 'तिथं' काही डोक्यातून जात नाही.

मुलांना लैंगिक अत्याचारापासून वाचवायला पोक्सो कायदा 2012 ला आला, पण कुठं हात लावला हे शेवटी लेकरानंच सांगायचं असतं ना? नावच माहीत नसेल तर काय सांगेल?

संस्कृती बुडते म्हणणारे तेव्हाही होतेच. र. धों. कर्व्यांनी 1927 ला 'समाजस्वास्थ्य' हे लैंगिक ज्ञान देणारं मासिक काढलं, त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले, 1934 च्या खटल्यात तर बाबासाहेब त्यांचे वकील होते तरी दंड झाला, पण 1953 ला जाईपर्यंत त्यांनी मासिक बंद केलं नाही. आणि आपल्या राज्यानं 2007 ला शाळेतलं लैंगिक शिक्षणच बंद केलं! मी तेव्हाही पाठ्यपुस्तकातलं प्रकरण नावं घेऊन शिकवत होते. हट्टी म्हणाले मला, म्हणू देत.

सोमवारी बुटाचा रिकामा खोका ने, झाकणाला चीर पाड, बिननावाच्या चिठ्ठ्या टाकायला सांग. 'झोपेत वीर्य गेलं की अशक्तपणा येतो का' हे येणारच, नाही येत म्हणून सांग, स्पष्ट. 'पाळीत लोणच्याला हात लावला तर नासतं का' हेही येईल. मुलामुलींना एकत्रच बसव. आणि दुसऱ्या दिवशी एखादी मुलगी स्टाफरूमच्या दाराशी घुटमळताना दिसली तर हातातलं काम खाली ठेव.