द स्ट्रोक्स या रॉक बँडच्या ‘इज धिस इट’ या अल्बमच्या ब्रिटिश आणि अमेरिकन सीडीत एक गाणं वेगळं का आहे?

११ सप्टेंबर २००१च्या हल्ल्यामुळे. दोन्ही सीड्या शेजारी ठेवून मागची यादी वाचा: ब्रिटिश सीडीवर नववं गाणं ‘न्यूयॉर्क सिटी कॉप्स’, अमेरिकन सीडीवर त्याच जागी ‘व्हेन इट स्टार्टेड’. बाकीची दहा गाणी तीच. ब्रिटनमध्ये हा अल्बम ऑगस्टमध्येच आला होता. अमेरिकेत सीडी सप्टेंबरअखेरीस यायची होती. मूळ गाण्याचं ध्रुवपद न्यूयॉर्कच्या पोलिसांना बिनडोक ठरवतं. हल्ल्यात त्या दलाचे २३ जण गेले होते, आणि बँड त्याच शहरातला. त्या आठवड्यांत ते गाणं विकणं बरं दिसलं नसतं, म्हणून ते काढलं आणि सीडी ९ ऑक्टोबरला आणली. माझ्या मते निर्णय योग्यच होता, पण अल्बमचं नुकसान झालं. ‘हार्ड टू एक्स्प्लेन’ संपल्यावर गिटार जी उसळी घेते, ती बदली गाण्यात नाही. मूळ क्रमानेच ऐका.

एक लक्षात घ्या, हे फक्त सीडीबद्दल. अमेरिकेतल्या एलपीवर, म्हणजे तबकडीवर, मूळ गाणं कायम आहे. आणि मुखपृष्ठ बदललं त्याचा हल्ल्याशी संबंध नाही: हातमोजा घातलेला हात उघड्या कमरेवर, असा मूळ फोटो अमेरिकेतल्या दुकानदारांना खटकेल अशी धास्ती होती, म्हणून तिथे सर्न या युरोपातल्या भौतिकी प्रयोगशाळेच्या बबल चेंबरमधल्या (अणूंहून लहान कणांचा मार्ग बुडबुड्यांच्या रेषांनी दाखवणाऱ्या यंत्रातल्या) कणांच्या रेषांचं चित्र आलं.