सांगली-मिरजेत छोट्या वर्कशॉपला कुशल कामगार कसे मिळतील आणि कसे टिकतील?

तुम्ही लिहिलंय की मिरज एमआयडीसीत पंधराएक माणसांचं सीएनसी (संगणकावर चालणाऱ्या मशीनचं) वर्कशॉप आहे, आयटीआय झालेली पोरं तुमच्याकडे दीड-दोन वर्षांत तयार होतात आणि पुण्याजवळ चाकणला जातात, तर बाँड लिहून घ्यावा का, मूळ मार्कशीट ठेवून घ्यावी का. मी कुपवाडला जॉबवर्क करतो. त्याआधी भोसरीत नोकरी केली, म्हणजे गेलेल्यांपैकीच एक. त्या बाजूनं सांगतो.

आधी बाँडचं उरकू. मार्कशीट अजिबात ठेवून घेऊ नका. उद्या वाद झाला तर त्याचा कागद तुमच्या कपाटात का, याचं उत्तर तुम्हालाच द्यावं लागेल. ‘इथून सोडल्यावर दुसऱ्या कंपनीत जाणार नाही’ असं लिहून घेतलंत तर ते १८७२च्या करार कायद्याच्या कलम २७ नुसार रद्दबातलच ठरतं. ठरावीक मुदत नोकरी करीन नाहीतर भरपाई देईन, हा बाँड वेगळा. तो सरसकट बेकायदा नाही; २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं एका सरकारी बँकेचा तसा बाँड मान्य केला. पण बँकेला जाहीर भरतीची सगळी प्रक्रिया पुन्हा करावी लागते, तो खर्च दाखवता येतो. आपण काय दाखवणार, फुटलेले इन्सर्ट, म्हणजे मशीनची कापायची टोकं? आणि पोरगा चाकणला, दावा मिरजेत, तारखांना हजर राहणार कोण? उचल देऊन माणूस अडकवायचाही प्रकार आपल्याकडे चालतो. अडीअडचणीला उचल जरूर द्या, पण बांधून ठेवायला देऊ नका. मोठी उचल अंगावर असलेला माणूस एक दिवस फोन बंद करतो, की माणूसही गेला आणि पैसेही.

आता खरी गोष्ट. वीस-बावीसचा पोरगा जाणारच. त्याला पुणं बघायचंय, मोठ्या कंपनीचा ड्रेस घालायचाय, आणि लग्न जमवताना ‘मुलगा पुण्यात असतो’ याला आजही वजन आहे. त्याच्यामागे पगार वाढवत धावण्यात अर्थ नाही. त्याला अप्रेंटिस म्हणून रीतसर घ्या. १९६१च्या कायद्याखाली नोंदणी पोर्टलवर होते आणि नॅशनल अप्रेंटिसशिप प्रमोशन योजनेत विद्यावेतनाचा काही वाटा सरकार देतं. तो जाईल हे धरूनच त्याच्याकडे बघा.

टिकतो तो तिशीतला, परतीला लागलेला माणूस. चाकण-भोसरीत सात-आठ वर्षं काढलेली असतात. पोरगं शाळेत घालायच्या वयाचं, आई-वडील तासगाव नाहीतर कवठेमहांकाळकडे एकटे, बाग दुसऱ्याला कसायला दिलेली. त्याला यायचंच असतं. पण इथं चौकशी केली की आपण मालक लोक त्याला नव्या ऑपरेटरचा पगार ऐकवतो आणि तो गप परत जातो. माणसं मिळत नाहीत असं म्हणणाऱ्यांपैकी कितीजण या माणसाशी नीट बोलले असतील, मला शंका आहे.

हा माणूस पेपरातल्या जाहिरातीनं सापडत नाही. दिवाळीला आणि गावच्या यात्रेला तो घरी येतो, आणि तुमच्याच ऑपरेटरांना ठाऊक असतं कोण कुठं आहे, कुणाचं घरी यायचं चाललंय. त्यांना विचारा. मात्र अनुभवाच्या वर्षांवर जाऊ नका. मोठ्या कंपनीत दहा वर्षं काढलेला कधीकधी फक्त जॉब, म्हणजे कापायचा तुकडा, लावणं-काढणं करत आलेला असतो, नव्या जॉबसाठी मशीन जुळवायच्या सेटिंगला त्यानं हात लावलेला नसतो. इंटरव्ह्यू राहू द्या. ड्रॉइंग हातात द्या, मशीनवर उभं करा. वर्क ऑफसेट (तुकड्यावर माप सुरू होतं ती जागा) स्वतः घेतो का, पहिला पीस काढून मायक्रोमीटर मागतो का, की सायकल स्टार्ट दाबून तुमच्याकडे बघतो, अर्ध्या तासात कळतं. आणि त्या दिवसाचे पैसे द्या.

पगार ठरवताना त्याच्याकडूनच चाकणचा महिन्याचा हिशेब मागा: खोलीभाडं, गॅस, शाळेची फी, गावी येण्या-जाण्याचा खर्च. हातात उरतं त्याहून थोडं जास्त तुम्ही देऊ शकत असाल तर पुण्याच्या आकड्याशी बरोबरी करायची गरज पडत नाही. आकडा तोंडी नको, कागदावर द्या. पीएफ कशावर कापणार, ओटी कशी धरणार, सगळं. ग्रॅच्युइटीही समजावून सांगा. पाच वर्षं पूर्ण झाली की दर वर्षाला पंधरा दिवसांचं वेतन, रोजचं वेतन महिन्याच्या पगाराला सव्वीसनं भागून धरायचं, म्हणजे पाच वर्षांचे मूळ वेतन अधिक महागाई भत्त्याचे जवळजवळ तीन पगार. चौथ्या वर्षी जायचा विचार करणाऱ्याला हे कुणी सांगितलेलंच नसतं.

एक गोष्ट सहसा कुणाच्या लक्षात येत नाही. ईएसआय, म्हणजे कामगारांचा सरकारी आरोग्य विमा, त्याची पगाराची मर्यादा महिना २१,००० रुपये आहे. चांगला सेटर, म्हणजे सेटिंग करणारा, ती ओलांडतो आणि नेमका त्याचाच दवाखाना सुटतो. म्हातारे आई-वडील हे तर त्याच्या परत येण्याचं कारण. मिरजेत दवाखान्यांना तोटा नाही, बिल भरायच्या पैशांना आहे. अशा दोघा-चौघांसाठी आई-वडिलांसह गट आरोग्य विमा काढा. पगारात तेवढीच रक्कम वाढवली तर ती दोन महिन्यांत विसरली जाते, विमा घरात रोज आठवतो.

रजेचं तसंच. ज्याची द्राक्षबाग आहे तो ऑक्टोबर छाटणीला सुट्टी घेणारच, तुम्ही द्या नाहीतर नका देऊ. छाटणी झाली की वेलीच्या डोळ्यांना, म्हणजे फुटीच्या जागांना, पेस्ट लावायचं काम दुसऱ्यावर सोडवत नाही. एप्रिलला खरड छाटणी, त्याच सुमारास यात्रा. जानेवारीतच कोणाची बाग, कोणाची यात्रा कधी, हे भिंतीवर लिहून ठेवा आणि डिस्पॅच त्याप्रमाणे लावा. ‘माणसं बेभरवशी’ म्हणून जी तक्रार असते तिच्यातली बरीचशी या दोन महिन्यांची असते. आपल्याच जिल्ह्यात लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० मध्ये कुंडलजवळच्या माळावर कारखान्याबरोबर वसाहत उभी केली. नांगर ओतणाऱ्या माणसाला घरही लागतं, हे तेव्हाही कळत होतं. आपल्याला वसाहत परवडणार नाही, छाटणीची रजा परवडते.

आणि प्रोग्रामिंग शिकवा. बरेच मालक प्रोग्राम स्वतःच्या लॅपटॉपवर ठेवतात, शिकला तर जाईल म्हणून. न शिकवलेलाही जातो, आणि मालकाला धड एका लग्नाला जाता येत नाही. छोट्या शॉपमध्ये आठवड्याला नवा जॉब येतो, मोठ्या कंपनीत वर्षभर एकच बुश. शिकायची हौस असलेल्या माणसाला आपण देऊ शकतो असं हेच एक आहे.

जाणाऱ्या पोराला रिलीव्हिंग लेटर द्या, पीएफ पोर्टलवर नोकरी सोडल्याची तारीख वेळेत टाका. आठ वर्षांनी तोच यात्रेला येईल तेव्हा तुमच्या गेटवर यायला त्याला संकोच नको.

तुमच्याकडे नुसतं टर्निंग (लेथचं काम) आहे की व्हीएमसी, म्हणजे उभं मिलिंग मशीनही, हे लिहिलं नाहीत. व्हीएमसी असेल तर एकाच सेटरवर दोन्ही शिफ्ट ओढू नका, आणि दुसरा तयार होईपर्यंत नवं मशीन बुक करू नका. हप्ता पहिल्या महिन्यापासूनच सुरू होतो.