स्टॅम्प पेपरवर सोडचिठ्ठी झालीय, मग घटस्फोट झालाच की मॅडम?

हा प्रश्न मला महिन्यातनं एकदा तरी येतोच, कधी फोनवर, कधी समोर बसून, आणि विचारणाऱ्याला कुठलं उत्तर पाहिजे असतं ते त्याच्या तोंडावरच दिसतं. म्हणून एक केस सांगते. ओळख पटेल असं सगळं बदललंय आणि नावं तर घेतच नाही.

पोरगा शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत कामाला, तिशीचा. बरोबर मामा. आल्या आल्या प्लास्टिकची फाइल टेबलावर ठेवली, आत शंभरचा स्टॅम्प, दोघांच्या सह्या, फोटो, चार साक्षीदार, नोटरीचा लाल शिक्का. तीन वर्षांपूर्वीचा कागद. आता दुसरं लग्न ठरत होतं आणि मुलीच्या वडिलांनी, ते रिटायर्ड शिक्षक, एवढंच विचारलं होतं की कोर्टाची डिक्री, म्हणजे घटस्फोटाचा हुकूम, दाखवा. "मॅडम, सह्या झाल्यात, साक्षीदार बी हैत, आता कुठली डिक्री आणू?" मामा मध्येच, "आमच्याकडं काडीमोड असाच होतोय ओ, पिढ्यानपिढ्या."

त्यांना सरळ सांगितलं. नोटरी सही खरी आहे एवढंच बघतो, लग्न मोडायचा अधिकार त्याला नाही. हिंदू विवाह कायदा १९५५ चा, त्यात रूढीनं होणाऱ्या काडीमोडीला जागा ठेवलीय हे खरं, पण तशी रूढी आपल्या समाजात आहे आणि आजही चालते हे कोर्टात पुराव्यानिशी सिद्ध करावं लागतं, मामांनी सांगून भागत नाही. म्हणजे कायद्यानं ती अजून तुझी बायको. या अवस्थेत दुसरं लग्न केलं तर ते लग्नच टिकत नाही, वर भारतीय न्याय संहितेचं कलम ८२ आहे, सात वर्षांपर्यंत शिक्षा, आणि पहिलं लग्न लपवून केलं तर दहापर्यंत. मामा गप्प झाले. (गंमत म्हणजे ज्या कोल्हापुरात शाहू महाराजांनी १९१९ सालीच घटस्फोटाचा कायदा केला त्या गावात शंभर वर्षांनी लोक अजून झेरॉक्सच्या दुकानात लग्न मोडतायत.)

तो कागद मी नीट वाचला. तिसऱ्या पानावर एक ओळ, "मुलगी आईकडे राहील, वडिलांचा तिच्याशी कोणताही संबंध राहणार नाही व पोटगीचा कोणताही हक्क राहणार नाही." मुलगी तेव्हा दोन वर्षांची होती. मी विचारलं, हे तू लिहायला सांगितलंस? तो म्हणाला टायपिस्टकडं तयार मसुदा होता, नावं तेवढी बदलली. मग विचारलं सह्या झाल्या त्या दिवशी घरी जाऊन काय केलंस. बराच वेळ फाइलचं बटण उघडझाप करत बसला. "सेकंड शिफ्ट होती. कामाला गेलो."

माझ्या मते अशा कागदांचा खरा घोटाळा इथंच असतो, कायद्याचा नंतर. वीस मिनिटात संपतं. कुणी रडत नाही, कुणी भांडतही नाही, आणि जे बोलायचं राहिलं ते तसंच आत बसून राहतं, मग तीन वर्षांनी दुसऱ्या लग्नाच्या वेळी उठतं.

त्याच्या बायकोला निरोप पाठवला. यायला पंधरा दिवस लावले, आणि आली ती रागातच. शिवणकाम करते, माहेरी गडहिंग्लजकडं. तिला पण वाटत होतं सगळं संपलंय. "मी वाचलंच नव्हतं मॅडम, भाऊ बाहेर रिक्षा थांबवून उभा होता." संबंध राहणार नाही ही ओळ तिनं पहिल्यांदा माझ्या ऑफिसात वाचली, आणि पोरगी बापाविषयी विचारते तेव्हा इतकी वर्षं मी खोटं का सांगत बसले, असं म्हणून जी रडली ती अर्धा तास. त्या दिवशी दुसरं काहीच झालं नाही, व्हायला पण नको होतं.

कायद्याचं असं की दोघांना खरंच वेगळं व्हायचं असेल तर परस्पर संमतीचा अर्ज, हिंदू विवाह कायद्याचं कलम १३ ब, फॅमिली कोर्टात. वर्षभर वेगळं राहिलेलं असलं पाहिजे. अर्ज केल्यावर सहा महिने थांबायचं, मग दोघांनी परत येऊन सांगायचं की हो, आम्ही ठाम आहोत. मधल्या काळात कुणीही संमती मागं घेऊ शकतं, हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं. पण २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की हे सहा महिने काही ठिकाणी माफ करता येतात, म्हणजे जोडपं आधीच दीड वर्षाच्या वर वेगळं असेल, समेटाचे प्रयत्न फसले असतील आणि पोटगी, मुलांचा ताबा वगैरे सगळं खरोखर मिटलं असेल तर. यांची तीन वर्षं झालेली. पोराला तेवढंच ऐकू आलं, माफ होतात. मी म्हटलं पुढचं ऐक, सगळं मिटलं असेल तर. तुझं कुठं मिटलंय? पोरीची पोटगी आई सही करून सोडू शकत नाही, तो पोरीचा हक्क आहे.

(मामांना तेवढ्यात सर्किट बेंच आठवलं, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात हायकोर्ट आलंय तर तिथंच डायरेक्ट करूया म्हणाले. नाही ओ मामा, घटस्फोट फॅमिली कोर्टातच सुरू होतो.)

तिला वकिलासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडं पाठवलं, बाईमाणसाला तिथं उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो. मग बैठका. लोकांना वाटतं भांडण सोन्यावरनं होतं. इथं झालं शिलाई मशीनवरनं. तिच्या वडिलांनी लग्नात दिलेलं, ते तीन वर्षं त्याच्या माडीवर चादरीखाली पडलेलं आणि ती इकडं हप्त्यावर दुसरं घेऊन बसलेली. तो म्हणाला मागितलं असतं तर दिलं असतं. ती म्हणाली माझ्याच मशीनसाठी मी हात पसरायचा? स्त्रीधन तिचंच, त्यात वादच नाही, पण त्या दोन वाक्यांत मला त्यांचा सगळा संसार कळला. पुढच्या रविवारी तो स्वतः छोट्या हत्तीत घालून मशीन गडहिंग्लजला देऊन आला. दारात सासऱ्यांनी पाणी विचारलं म्हणे. हे त्यानं मला दोनदा सांगितलं.

मुलीची भेट माझ्या ऑफिसात ठेवली, अर्धा तास, आजी नको, मोबाइल नको. तो राजारामपुरीतनं फ्रॉक घेऊन आला, गुलाबी, झालरीचा. पोरीनं तो अंगाला लावून बघितला तर गुडघ्याच्या वरच कुठंतरी. पाच वर्षांची झालीय ती आता, आणि यानं घेतला तो दोन-अडीच वर्षांच्या पोरीचा. तो खुर्चीत बसला तो उठेचना. तिनंच, आईनं, फ्रॉक हातातनं घेतला, शिवण उलटून बघितली आणि म्हणाली, "खाली पट्टी जोडता येईल."

यामुळं ती दोघं परत एकत्र येतील असं वाचणाऱ्याला वाटेल, मलाही क्षणभर वाटलं, खोटं कशाला बोलू. पण नाही. तिला परत जायचं नव्हतं, त्यालाही न्यायचं नव्हतं, आणि आता दोघं हे एकमेकांच्या तोंडावर म्हणू शकत होती. महिन्याला पोटगी ठरली, दुसरा-चौथा रविवार भेट ठरली, अर्जात सगळं आलं, सहा महिने माफ झाले. ते ठरत आलेलं लग्न मात्र राहिलं नाही, शिक्षकांनी थोडे दिवस वाट बघितली आणि मुलगी दुसरीकडं दिली. मी फोन केला तर म्हणाला, "बरं झालं ओ मॅडम, मला तिचं नाव सोडून काहीच ठाऊक नव्हतं."

डिक्रीची नक्कल दाखवायला परत मामा घेऊनच आला. तो निघून जिन्यापर्यंत गेला आणि मामा मागंच राहिले, टोपी हातात घेऊन.

"मॅडम, एक इचारू? असले कागद मी अजून करून दिल्यात, भावकीत आन् शेजारच्या गावात."

"किती मामा?"

बोटं मोजायला लागले. एका हातावर भागेना.