शिकायला आलेला परदेशी मुलगा भारतात व्यावसायिक फुटबॉलपटू होऊ शकतो का?

तुम्ही विचारलंय की तुमच्या कॉलेजात नायजेरियाहून शिकायला आलेला मित्र फुटबॉल जबरदस्त खेळतो, पदवी झाल्यावर त्याला इथेच राहून खेळावर पोट भरायचंय, तर जमेल का. जमणं अशक्य नाही, पण त्याच्या पायांपेक्षा त्याचे कागद जास्त महत्त्वाचे ठरतील. मी दिवसा बँकेत असतो आणि उरलेल्या वेळात बडोद्यातल्या एका लहान क्लबची खेळाडू-नोंदणी सांभाळतो. त्यामुळे खेळापेक्षा कागदांचंच जास्त सांगणार आहे.

असं पूर्वी घडलंय, आणि दणक्यात घडलंय. 1978 च्या विश्वचषकात इराणच्या संघात असलेला माजिद बिश्कर अलीगढला शिकायला आला होता, बरोबर जमशीद नासिरी. 1980 मध्ये दोघं ईस्ट बंगालकडे गेले आणि कोलकात्यानं त्यांना डोक्यावर घेतलं. चिमा ओकोरी तुमच्या मित्राच्याच देशातला. विशाखापट्टणमला शिकायला आला, 1985 मध्ये मोहमेडन स्पोर्टिंगमध्ये शिरला आणि पुढे ईस्ट बंगाल, मोहन बागान असे तिन्ही मोठे क्लब फिरून आला. जमशीद तर कोलकात्यातच राहिला. त्याचा मुलगा कियान यानं जानेवारी 2022 च्या डर्बीत, म्हणजे मोहन बागान-ईस्ट बंगाल लढतीत, बदली खेळाडू म्हणून उतरून ईस्ट बंगालविरुद्ध हॅटट्रिक केली. बाप परदेशी विद्यार्थी म्हणून आला, पोरगा भारतीय खेळाडू म्हणून खेळला.

आमच्याकडे वाघोडिया रोडच्या बाजूला संध्याकाळी खेळायला येणाऱ्या आफ्रिकन मुलांना चिमाचं नाव पक्कं ठाऊक असतं. (नवरात्रात मात्र मैदानं गरब्याची, तेव्हा फुटबॉल बंद. पहिल्या वर्षी त्यांना हे काही केल्या पटत नाही.) पण चिमाचा काळ गेला, हे त्यांना कोणी सांगत नाही.

स्टुडंट व्हिसा शिक्षणासाठी असतो. त्यावर कॉलेजच्या संघातून खुशाल खेळावं, पण क्लबकडून पगार घेऊन खेळणं त्यात बसत नाही. त्यासाठी एम्प्लॉयमेंट व्हिसा लागतो, आणि त्यासाठी आधी हातात क्लबचा करार हवा. करार करताना क्लब पहिला प्रश्न विचारतो तो आयटीसीचा, म्हणजे एका देशाच्या फुटबॉल संघटनेनं दुसऱ्या देशाच्या संघटनेला दिलेल्या आंतरराष्ट्रीय ट्रान्सफर सर्टिफिकेटचा. मुलगा लागोसला एखाद्या नोंदणीकृत क्लबकडून खेळला असेल, तर तिथून ते आल्याशिवाय इथे त्याची नोंदणी होत नाही, मग तो हौशी म्हणून खेळो की पैसे घेऊन. पुष्कळ मुलं सांगतात, ‘सर, मी कुठेच नोंदलेला नव्हतो’, आणि खोदून विचारलं की चौदाव्या वर्षी खेळलेली एखादी अकादमी निघते. एआयएफएफच्या, म्हणजे अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या, ऑनलाइन नोंदणीत नाव चढवण्याआधी हे बाहेर आलेलं बरं, नाहीतर ऐन हंगामात अडकतं.

समजा हे सगळं पार पडलं. पुढे जागांचा हिशेब येतो. आयएसएलमध्ये, म्हणजे देशातल्या वरच्या इंडियन सुपर लीगमध्ये, अलीकडच्या हंगामांत एका क्लबला जास्तीत जास्त सहा परदेशी खेळाडू ठेवता येतात, त्यातले चारच एका वेळी मैदानात. तेरा-चौदा क्लब धरले तरी या लीगमध्ये मिळून ऐंशीच्या आसपास जागा. त्या जागांसाठी स्पेन, ब्राझील, ऑस्ट्रेलियातल्या लीगमध्ये शेकड्यानं सामने खेळलेली माणसं रांगेत असतात. क्लबच्या दृष्टीनं परदेशी जागा महाग असते, ती शिकाऊ मुलावर कोण खर्चणार? चिमाच्या वेळी परदेशी म्हणजे हाताशी सापडलेला विद्यार्थी, आज परदेशी म्हणजे एजंटनं व्हिडिओ पाठवून विकलेला तयार माल. आणि एवढं करून ज्यांना जागा मिळाली त्यांचंही सगळं आलबेल नव्हतं. 2025 मध्ये लीगचा व्यावसायिक करार संपत आला, नवा हंगाम लांबला आणि काही क्लबांनी पगारच थांबवले.

मग जागा न मिळालेली मुलं जातात कुठे? कोलकात्यात ‘खेप’, म्हणजे पैसे घेऊन अनधिकृत सामने, खेळायला, किंवा केरळात मलबारच्या सेव्हन्सला. सात-सात जणांचे सामने, तात्पुरत्या गॅलऱ्या, तुडुंब गर्दी आणि मॅचमागे रोख. पैसे खरे असतात, काहींना चांगलेही मिळतात. पण हा खेळ एआयएफएफच्या चौकटीबाहेरचा, म्हणजे पाय मोडला तर दाद मागायला जागा नाही. 2024 मध्ये मलप्पुरमला आयव्हरी कोस्टच्या एका खेळाडूला प्रेक्षकांनीच मारहाण केल्याची तक्रार पोलिसांत गेली होती.

आमच्या भागातही याची छोटी आवृत्ती चालते. घानाचा एक मुलगा आमच्याकडे सरावाला यायचा, उत्तम स्टॉपर, म्हणजे मधला बचावपटू. एका गावच्या स्पर्धेत त्याला पाकीट ठरवून नेलं होतं. दुसऱ्या हाफमध्ये मांडीचा स्नायू गेला. अ‍ॅम्ब्युलन्स नव्हतीच, बर्फसुद्धा शेजारच्या सोडावाल्याकडून आणला, तोही शेंगदाण्याच्या पिशवीत घालून. त्याला रिक्षात बसवलं तेव्हा आयोजक बक्षीस समारंभात होते. पाकीट आलं ते अर्धंच, कारण ‘पूर्ण मॅच कुठे खेळला?’ त्याला भांडता येईना, कारण भांडायला गेला तर स्टुडंट व्हिसावर पैसे घेतो हे आधी उघडं पडणार. या मुलांची खरी गोची ही आहे. आयोजकांना ती बरोबर ठाऊक असते.

काही जण विचारतात, मग भारतीयच झालं तर? आराता इझुमीचं उदाहरण देतात. पण इझुमी जपानमध्ये जन्मलेला असला तरी त्याचे वडील गुजराती. पुणे एफसीकडून खेळत असताना 2012 मध्ये त्यानं जपानी नागरिकत्व सोडलं, नीलकंठ खांभोलजा या नावानं भारतीय झाला आणि भारताकडून खेळलाही. भारतीय वंश नसलेल्याला मात्र साधारण बारा वर्षं इथे राहिल्यावरच अर्ज करता येतो. आज बावीस वर्षांचा असलेला स्ट्रायकर तोवर चौतिशीत.

म्हणून माझ्या मते तुमच्या मित्रानं पदवी हातची सोडू नये आणि अंतिम वर्षातच खालची तयारी करावी. जुन्या क्लबचं नाव, तिथली नोंदणीची तारीख आणि संपर्क घरच्यांकडून आत्ताच मागवावा. पूर्ण सामन्यांचं चित्रीकरण ठेवावं, फक्त गोलांच्या तुकड्यांवर कोणी करार करत नाही. आपल्या राज्याच्या लीगमध्ये परदेशी खेळाडू चालतो का, हे जीएसएफएला, म्हणजे गुजरातच्या राज्य फुटबॉल संघटनेला, लेखी विचारून घ्यावं. एजंट भेटला तर फिफाच्या परवानाधारकांच्या यादीत त्याचं नाव शोधावं. ते नसेल, किंवा तो ट्रायलसाठी आगाऊ पैसे मागत असेल, तर पासपोर्टची प्रतसुद्धा देऊ नये. असल्या ट्रायलच्या चिठ्ठ्या मी पाहिल्यात. क्लबचं बोधचिन्ह ठसठशीत, आणि खाली सही कोणाचीच नाही.