कशाचे साठ टक्के?

प्रश्न : डॉक्टर मॅडम, माझे सासरे 68 वर्षांचे आहेत. तासगाव तालुक्यात आमची द्राक्षबाग आहे. हर्नियाच्या ऑपरेशनआधी फिटनेससाठी त्यांचा टू-डी इको (हृदयाची सोनोग्राफी) काढला. रिपोर्टमध्ये ‘एलव्हीईएफ 60 टक्के, ग्रेड वन डायस्टॉलिक डिसफंक्शन, ट्रिव्हियल टीआर, नो आरडब्ल्यूएमए’ असं लिहिलंय. डॉक्टरांनी ऑपरेशनला हरकत नाही म्हणून सांगितलं. पण घरी भाऊजींनी रिपोर्ट वाचला आणि म्हणाले, हार्ट साठ टक्केच चालतंय, चाळीस टक्के गेलं. तेव्हापासून मामा बागेत जायचे बंद झालेत. दिवसभर कट्ट्यावर बसून असतात. दोन्ही म्हशी विकायचं चाललंय. गेलेले चाळीस टक्के परत येतील का?

उत्तर : ताई, म्हशींचा सौदा आधी थांबवा. मामांचं पंपिंग नॉर्मल आहे. गेलेलं काहीच नाही, तर परत काय येणार?

एलव्हीईएफ म्हणजे लेफ्ट व्हेंट्रिक्युलर इजेक्शन फ्रॅक्शन, थोडक्यात ईएफ. सांगली-मिरजेच्या दवाखान्यांत सगळे त्याला ‘पंपिंग’ म्हणतात, मीही तेच म्हणते. हृदयाचा डावा खालचा कप्पा पूर्ण भरला तेव्हा त्यात समजा 110 मिली रक्त होतं. कप्पा आवळला आणि त्यातलं 66 मिली महाधमनीत गेलं. 110 मधले 66, म्हणजे 60 टक्के. राहिलेलं 44 मिली आतच राहतं, आणि ते सगळ्यांचंच राहतं. तुमचं, माझं, तालमीत जोर मारणाऱ्या पोराचंही. मिनिटाला 72 ठोके धरले तर मामांचं हृदय दर मिनिटाला पावणेपाच लिटर रक्त फेकतंय. अंगाला एवढं पुरतं.

तुम्ही उसाच्या मुलखातल्या. कारखान्याचा साखर उतारा बारा टक्के आला, तर कारखाना अठ्ठ्याऐंशी टक्के बंद पडला असं कोणी म्हणतं का? उलट पेढे वाटतात. भाऊजींना एवढंच विचारा.

नॉर्मल ईएफ पुरुषांत साधारण 52 ते 72 आणि बायकांत 54 ते 74 धरतात. त्याखाली 41 पर्यंत थोडा कमी, 30 ते 40 मध्यम कमी, आणि 30 च्या खाली गेला की फारच कमी. वरच्या बाजूलाही बक्षीस नाही. हृदयाच्या भिंती जाड होऊन कप्पा लहान झालेल्या माणसाचा ईएफ 75-80 दिसतो, तेव्हा आम्ही खूश होत नाही, जाडी का वाढली ते शोधतो.

आता हा आकडा येतो कुठून? पेशंटला डाव्या कुशीवर वळवायचं, डावा हात डोक्याखाली. छातीवर जेल लावून प्रोब टेकवायचा आणि कप्पा पडद्यावर नीट दिसेपर्यंत बोटाच्या पेराइतका इकडेतिकडे सरकवायचा. मग चित्र थांबवून, कप्पा सर्वांत फुगलेला असतो त्या क्षणी त्याच्या आतल्या कडेवरून कर्सर फिरवायचा. सर्वांत आक्रसलेला असतो त्या क्षणी परत एकदा. हेच दुसऱ्या कोनातून. या रेघांवरून मशीन कप्प्याच्या चकत्या पाडतं, आकारमान काढतं आणि टक्के दाखवतं. रेघ हाताने मारलेली असते. पेशंट स्थूल असला, फुप्फुस आड आलं, तर कड पुसट दिसते आणि रेघ दोन मिलिमीटर आत-बाहेर जाते. म्हणून एकाच माणसाचा ईएफ सकाळी एकाने 60 काढला आणि संध्याकाळी दुसऱ्याने 55, तर दोघंही बरोबर असू शकतात. गर्दीच्या ओपीडीत पुष्कळदा रेघ न मारता नजरेने अंदाज घेऊन ‘60 टक्के’ लिहितात. अनुभवी नजर फारशी चुकत नाही. तरी मला विचाराल तर ‘55 ते 60’ असं लिहिणं जास्त प्रामाणिक. एकच गोल आकडा लिहिला की लोकांना तो वजनकाट्यावर मोजल्यासारखा वाटतो.

बाकीच्या शब्दांपैकी ‘नो आरडब्ल्यूएमए’ म्हणजे हृदयाची कुठलीही भिंत सुस्त नाही, सगळ्या सारख्या हलतात. जुना अटॅक येऊन गेल्याची खूण दिसली नाही, ही चांगली बातमी. ‘ट्रिव्हियल टीआर’ म्हणजे उजव्या बाजूच्या झडपेतून नावापुरती गळती. ती धडधाकट माणसांतही सर्रास सापडते. ‘ग्रेड वन डायस्टॉलिक डिसफंक्शन’ या नावाने मात्र कितीतरी घरांतली झोप उडवली आहे. आवळून झाल्यावर हृदयाला सैल पडायला थोडा जास्त वेळ लागतो, एवढाच अर्थ. साठीनंतर हे इतकं आढळतं, की रिपोर्टमध्ये नसलं तरच मी पुन्हा वाचते. त्यावर वेगळी गोळी नसते. बीपी आणि साखर मात्र तपासून घ्या, कारण ती वाढलेली राहिली तर हा ताठरपणा पुढे सरकतो.

एक गोष्ट भाऊजींच्या विरुद्ध बाजूचीही सांगते. ईएफ 60 आहे म्हणजे रक्तवाहिन्या साफ आहेत, असं नाही. इको माणूस झोपलेला असताना काढतात. ब्लॉक असलेल्या कितीतरी लोकांचं झोपून काढलेलं पंपिंग उत्तम असतं. आणि पंपिंग चांगलं असूनही हृदय ताठर झाल्यामुळे दम लागणारेही पुष्कळ असतात. मामांना बागेत चढावर छातीत दडपण येत असेल, पूर्वी न लागणारा दम लागत असेल, तर रिपोर्ट बाजूला ठेवून डॉक्टरांना दाखवा. तसं काही नसेल तर ऑपरेशन उरकून घ्या. त्यानंतर वजन कधी उचलायचं ते सर्जन सांगतील, ते हर्नियाच्या टाक्यांसाठी, हृदयासाठी नाही. ऑक्टोबर छाटणीला त्यांना बागेत उभं राहू द्या.

प्रश्न : मी मिरजेचा, रेल्वेतून निवृत्त. हार्ट अटॅक आला तेव्हा अँजिओग्राफीत ‘एलएडी 80 टक्के’ निघाली. स्टेंट टाकला. तेव्हा इकोमध्ये ईएफ 35 होता, चार महिन्यांनी 48 आला. जावई म्हणतात, 80 चा 48 झाला म्हणजे ब्लॉक विरघळतोय, आता गोळ्या कमी करा. मलाही चालताना दम लागत नाही. गोळ्यांचा खर्च बराच आहे. बंद कराव्यात का?

उत्तर : काका, नाही. एकही गोळी स्वतःच्या मनाने बंद करू नका.

जावईबापूंनी दोन निरनिराळ्या तपासण्यांचे आकडे एकमेकांतून वजा केले आहेत. 80 टक्के म्हणजे एलएडी या हृदयाच्या पुढच्या बाजूच्या रक्तवाहिनीची पोकळी किती बुजली होती. तो आकडा जितका मोठा तितकं वाईट. स्टेंट टाकला त्या दिवशीच त्याचा विषय संपला. ईएफ हा स्नायूचा जोर. तो जितका कमी तितकं वाईट. तुमचा 35 चा 48 झाला, ही खरोखर मोठी कमाई आहे. अटॅकमध्ये स्नायूचा काही भाग मरतो, पण काही भाग नुसता बधिर झालेला असतो आणि रक्तपुरवठा सुरू झाल्यावर काही आठवड्यांत हळूहळू जागा होतो. म्हणून अटॅकच्या आठवड्यातल्या ईएफवर आम्ही मोठे निर्णय घेत नाही. निदान 40 दिवस, आणि स्टेंट टाकला असेल तर तीन महिने, पूर्ण औषधं देऊन थांबतो आणि पुन्हा मोजतो. तेव्हाही तो 35 किंवा त्याखाली राहिला, तर आयसीडी बसवायची चर्चा होते. ठोके जीवघेणे बिघडले तर आतूनच शॉक देणारं ते यंत्र. तुम्ही त्या रेषेच्या पलीकडे आलात.

आलात ते गोळ्यांच्या जोरावर. कमी ईएफसाठी आज चार प्रकारची औषधं एकत्र देतात : बीटा ब्लॉकर, सॅक्युबिट्रिल-वॅल्सार्टन, स्पायरोनोलॅक्टोन किंवा इप्लेरेनोन, आणि डापाग्लिफ्लोझिन किंवा एम्पाग्लिफ्लोझिन. शेवटची दोन मुळात मधुमेहाची. म्हणून साखर नसलेले पेशंट मेडिकलमधून परत येतात आणि ‘मॅडम, चुकून शुगरची गोळी लिहिली’ म्हणतात. चुकून नाही, हृदयासाठीच असते. ‘बरं झाल्यावर बंद केली तर काय’ हे लंडनमध्ये पाहून झालंय. 2018 साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात 51 जण होते, सगळ्यांचा ईएफ सुधारून नॉर्मलला आलेला. ज्यांच्या गोळ्या टप्प्याटप्प्याने थांबवल्या, त्यांतल्या 44 टक्क्यांचं हृदय सहा महिन्यांत पुन्हा ढासळलं. चालू ठेवलेल्यांत एकाचंही नाही. त्यांचा आजार अटॅकचा नव्हता, हृदयाचा स्नायू सैलावून फुगण्याचा होता. पण तुमचा तर अजून नॉर्मललाही पोचलेला नाही. शिवाय स्टेंटसाठीच्या रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या वेगळ्या. त्या अर्ध्यावर सोडल्या तर स्टेंटमध्ये गुठळी होऊन नव्याने अटॅक येऊ शकतो.

खर्चाचं दुखणं खरं आहे, त्यावर मात्र उपाय आहे. डापाग्लिफ्लोझिन 2020 पासून आणि सॅक्युबिट्रिल-वॅल्सार्टन 2023 पासून आपल्याकडे जेनेरिकमध्ये मिळतात, किमती पुष्कळ उतरल्या आहेत. डॉक्टरांना सरळ सांगा, ‘परवडत नाही, स्वस्त कंपनी लिहून द्या.’ यात लाजण्यासारखं काही नाही. गुपचूप गोळी अर्धी करून खाणारे पेशंट मला जास्त घाबरवतात.

तुमच्या गोळ्यांत स्पायरोनोलॅक्टोन असेल तर आणखी एक. ती रक्तातलं पोटॅशियम वाढवते. ‘हार्टला चांगलं’ म्हणून पाकिटातलं लो-सोडियम मीठ आणू नका. त्यात सोडियमच्या जागी पोटॅशियमच असतं. रोजचं शहाळं आणि मूठ-मूठ बेदाणेही नकोत. तासगावचा बेदाणा घरात आल्यावर चार दाणे तोंडात टाकल्याने काही होत नाही, पण नातेवाईक किलोच्या पिशव्या घेऊन भेटायला येतात, म्हणून लिहिलं. क्रिएटिनिन (किडनीचं काम दाखवणारं) आणि पोटॅशियमची तपासणी डॉक्टर सांगतील तेव्हा चुकवू नका. संध्याकाळच्या चहाबरोबर भडंग असेल तर त्यातलं मीठही मोजा. रोज सकाळी लघवी झाल्यावर, काही खाण्याआधी वजन करा. दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर ते पाणी साठलेलं असतं. पायाला सूज दिसायची वाट न बघता फोन करा.

प्रश्न : आईला स्तनाचा कॅन्सर आहे, ट्रास्टुझुमॅबची इंजेक्शनं चालू आहेत. दर तीन महिन्यांनी इको करायला सांगतात. पहिला ईएफ 62 होता, या वेळी दुसऱ्या सेंटरमध्ये 51 आला. 50 च्या वर आहे म्हणून गप्प बसावं का?

उत्तर : गप्प बसू नका. इथे नुसता आकडा पाहायचा नसतो, उतरण पाहायची असते. वर तासगावच्या ताईंना मी पाच अंकांचा फरक सोडून द्या म्हटलं. दहाहून जास्त अंकांची घट सोडून देता येत नाही, त्यात हे औषध काही जणींच्या हृदयाचा जोर कमी करतं हे माहीत असताना तर नाहीच. ट्रास्टुझुमॅबचा हा परिणाम बहुतेक वेळा औषध काही काळ थांबवल्यावर, हृदयाच्या गोळ्या दिल्यावर भरून येतो. आधी डॉक्सोरुबिसिन हे केमोचं औषध दिलेलं असेल तर तेही डॉक्टरांना आठवण करून सांगा. त्याने झालेली इजा इतक्या सहजी भरत नाही आणि दोन्ही औषधं मिळून धोका वाढतो.

पण सेंटर बदललं आहे, त्यामुळे निम्मा फरक हात बदलल्याचाही असू शकेल. या आठवड्यात पहिल्या ठिकाणी, शक्य तर त्याच मशीनवर, इको पुन्हा करून घ्या. जुना रिपोर्ट आणि सीडी सोबत न्या. ‘स्ट्रेन’, म्हणजे ठोक्यागणिक हृदयाचा स्नायू किती आखडतो त्याचं माप, काढता येईल का, हेही विचारा; ईएफ घसरायच्या आधीच त्यात बदल दिसतो. तो आकडा वजा चिन्हासह येतो, वजा 20 च्या आसपास नॉर्मल, तेव्हा वजा पाहून दचकू नका. पुढचं इंजेक्शन घ्यायचं की थांबायचं, हे तुम्ही ठरवू नका आणि इको काढणाऱ्यानेही ठरवू नये. दोन्ही रिपोर्ट घेऊन इंजेक्शनच्या तारखेआधी कॅन्सरच्या डॉक्टरांना भेटा.