स्वागत समारंभाचे खास पेय : हुर्राक, कोकम आणि पन्हे

प्रश्न : माझ्या मुलीचे लग्न एप्रिलअखेरीस कोल्हापुरात आहे आणि त्यानंतर दोन दिवसांनी व्याह्यांकडे, मडगावजवळ, संध्याकाळी उघड्या अंगणात स्वागत समारंभ आहे. एकूण १६० पाहुणे असतील आणि त्यांपैकी निम्मे मद्य घेणारे आहेत. खास कॉकटेल्स निवडण्याचे काम व्याह्यांनी आमच्याकडे सोपवले आहे. केटररने सहा पेयांची यादी दिली असून ती सगळी व्होडका आणि परदेशी सिरपची आहेत, शिवाय त्यांना वधूवरांची नावे जोडलेली आहेत. माझ्या सासूबाई आणि त्यांच्या दोघी बहिणी माळकरी आहेत. मी स्वतः मद्य घेत नसल्याने चवीचा निर्णय कसा करावा हेही मला कळत नाही. – एक वधुमाता, कोल्हापूर

उत्तर : ताई, सहा पेये ठेवू नका, दोनच ठेवा. सहा प्रकार ठेवले की काउंटरवर रांग लागते, बर्फ वितळत राहतो आणि शेवटी प्रत्येक पेल्याची चव वेगळी लागते. दोन पेये निवडतानाही वधूवरांच्या नावांपासून सुरुवात करू नका. एप्रिलअखेरीस त्या अंगणात जे उत्तम मिळते तिथून सुरुवात करा. तुमची तारीख या बाबतीत भाग्याची आहे, कारण त्या दिवसांत गोव्यात हुर्राक मिळतो, बाजारात कैरी असते आणि कोकमाचे सरबत तर बारमाही मिळते.

काजूच्या बोंडांचा रस आंबवून भट्टीवर पहिल्यांदा ऊर्ध्वपातित केला की हुर्राक मिळतो आणि तो पुन्हा ऊर्ध्वपातित केला की फेणी तयार होते. हुर्राक सौम्य असतो, त्यात साधारण १५ टक्के मद्यार्क असतो. फेणीत तो ४२ टक्क्यांच्या पुढे जातो. हुर्राक फार टिकत नाही, म्हणून तो समारंभाच्या आठवड्यातच आणि व्याह्यांच्या ओळखीच्या माणसाकडूनच घ्यावा. काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले आणि पुढे गोवा सरकारने तिला वारशाचे पेय म्हणून मान्यता दिली. व्याह्यांच्या अंगणात त्यांच्याच भूमीचे पेय मानाने पुढे करणे हा, माझ्या मते, पाहुणचाराचा सर्वांत सुंदर प्रकार आहे.

पहिले पेय हुर्राक आणि कैरीच्या पन्ह्याचे करावे : ६० मिलि हुर्राक, ९० मिलि गुळाचे पन्हे, लिंबाची एक फोड, पेल्याच्या काठाला मीठ आणि उभी चिरलेली एक हिरवी मिरची. हुर्राकात मिरची आणि मीठ घालण्याची रीत गोव्याचीच आहे, त्यामुळे मडगावच्या पाहुण्यांना ते ओळखीचे वाटेल आणि पन्ह्यामुळे कोल्हापूरकरांनाही. दुसरे पेय फेणी आणि कोकमाचे करावे : ४५ मिलि फेणी, ३० मिलि गोड कोकम सिरप, १५ मिलि लिंबाचा रस, चिमूटभर भाजलेल्या जिऱ्याची पूड आणि वरून ९० मिलि सोडा. फेणीचा वास उग्र असतो आणि ज्यांनी ती कधी घेतलेली नाही ते पहिल्या घोटालाच थबकतात. कोकमाचा आंबटपणा आणि जिरे त्या वासाला आवरतात, झाकत मात्र नाहीत.

कोकमाच्या बाबतीत एक काळजी आवर्जून घ्या. सोलकढीसाठी वापरतात ते आगळ खारट असते आणि सरबताचे अमृत कोकम गोड असते. दोन्ही बाटल्यांतला रंग सारखाच गडद लाल दिसतो. माझ्या भाचीच्या लग्नात केटररच्या माणसाने पेयात आगळ ओतले, आणि अर्ध्या तासात अंगणातल्या प्रत्येक कट्ट्यावर, झाडाच्या पारावर, अगदी तुळशीवृंदावनाच्या पायरीवरसुद्धा एकेक घोट घेऊन ठेवलेले भरलेले पेले दिसू लागले. भाचीचे वडील ते पेले स्वतः उचलत होते. ते दृश्य मला अजून आठवते, म्हणून सांगतो की बाटलीवरचे लेबल कुणीतरी घरच्या माणसाने वाचावे.

आता माळकरी मंडळींविषयी, कारण तुमच्या पत्रातला खरा प्रश्न हाच आहे. मद्य न घेणाऱ्यांच्या हाती बाटलीबंद शीतपेय देऊन मोकळे होण्याची पद्धत मला पटत नाही. ज्या वृद्ध स्त्रिया प्रवास करून नातीला आशीर्वाद द्यायला येणार आहेत, त्यांच्यासाठीचे पेय सर्वांत मन लावून केलेले असावे. केशर-वेलची घातलेले पन्हे आणि सोडा घातलेले कोकम सरबत ही दोन्ही पेये मद्याशिवायही पूर्ण आहेत. त्यांचा काउंटर वेगळा ठेवावा, त्यांची भांडी, चमचे, माप आणि गाळणी स्वतंत्र असावीत, आणि तिथे उभा राहणारा माणूस मद्याच्या काउंटरवर हात लावणारा नसावा. सगळ्यांना एकाच आकाराचे पेले द्यावेत म्हणजे कोण काय घेतो ते कळत नाही, असा सल्ला तुम्हाला कुणी देईल. तो मानू नका. लहान मुले किंवा आजी चुकून भलता पेला उचलतील अशी शक्यता राहताच कामा नये. बिनमद्याचे पेय उंच सरळ पेल्यात पुदिन्याच्या डहाळीसह आणि मद्याचे पेय बुटक्या पेल्यात द्यावे.

पेयांची नावेही घटकांवरूनच ठेवावीत : हुर्राक-पन्हे, फेणी-कोकम. पाहुण्याला आपण काय पितो आहोत हे नावातच कळते. लग्नविधींची किंवा देवतांची नावे मद्याला देऊ नयेत. घरातल्या वडीलधाऱ्यांना ते टोचते आणि ते टोचणे योग्यच आहे.

चवीचा निर्णय तुम्ही बिनमद्याच्या रूपावरून करू शकता. पन्हे आणि कोकम तुम्हाला किंचित जास्त आंबट-गोड वाटेल इतके ठेवा, कारण बर्फ आणि मद्य मिसळल्यावर चव सौम्य होते. त्यापुढची परीक्षा व्याह्यांकडच्या जाणत्या माणसावर सोपवा. ८० जणांनी ही खास पेये प्रत्येकी दोन घेतली तर १६० पेले होतात. प्रत्येक पेयाचे ८० धरल्यास ७५० मिलिच्या फेणीच्या पाच आणि हुर्राकाच्या सात बाटल्या लागतात. एखादी बाटली जास्त असू द्या. बिनमद्याच्या पन्ह्याचे २०० पेले धरले तर तयार पन्हे ३० लिटर लागेल. कैरीचा गर दोन दिवस आधी शिजवून फ्रिजमध्ये ठेवता येतो. लिंबे मात्र त्याच दुपारी पिळावीत. बर्फ माणशी एक किलो सांगा, त्या हवेत तो जास्त होणार नाही.

गोव्यात मद्य घेण्याचे किमान वय २१ आहे आणि समारंभासाठी अबकारी खात्याचा तात्पुरता परवाना लागतो. व्याह्यांना तो वेळेत काढायला सांगा. उरलेल्या बाटल्या कोल्हापूरला परतताना गाडीत ठेवू नका. परवान्याशिवाय गोव्याचे मद्य महाराष्ट्रात आणणे हा गुन्हा आहे आणि त्या वाटेवर तपासणी होते. पाहुण्यांच्या परतीसाठी बस ठरवली असेल तर चालकांच्या जेवणाची आणि पन्ह्याची सोय सर्वांत आधी करावी.

प्रश्न : आमचा समारंभ जानेवारीत पुण्यात आहे. नाशिकच्या वाइनचे एकच खास पेय ठेवायचे आहे. ते कसे करावे? – एक नियोजित वर, पुणे

उत्तर : कल्पना उत्तम आहे. जानेवारीत पेरू आणि संत्री दोन्ही बहरात असतात. शेनिन ब्लाँ या पांढऱ्या वाइनमध्ये पेरूच्या आणि संत्र्याच्या फोडी चार तास मुरवाव्यात आणि देतेवेळी थोडा सोडा घालावा. पेरू घट्ट असावा, पिकून मऊ झालेला पेरू वाइन गढूळ करतो. एका बाटलीत १५० मिलिचे पाच पेले होतात, त्यावरून हिशेब करावा. महाराष्ट्रात वाइनसाठी किमान वय २१ आणि कडक मद्यासाठी २५ आहे, हे तुमच्या मित्रमंडळींना आधीच कळवा. तात्पुरता परवाना राज्य उत्पादन शुल्क विभागाकडून काढावा आणि खरेदीची पावती समारंभस्थळी ठेवावी. तारीख नक्की करण्यापूर्वी कॅलेंडर पाहा : २६ जानेवारी हा कोरडा दिवस असतो.