काल्पनिक नगरीतली दफ्तरदार आणि अकरावी सायन्स

प्रश्न : मुलगी अकरावी सायन्सला आहे, नीटचा क्लास लावलाय. पण जीव सगळा तिच्या वह्यांत. तिनं एक नगरी रचली आहे. तिथली नदी दर बारा वर्षांनी पात्र बदलते आणि दफ्तरखान्यातली बाई प्रत्येक वेळचे नकाशे, जमिनीचे करार, यक्षांशी झालेले तह जपून ठेवते. आता म्हणते, मला हेच काम करायचंय. असं काम खरंच असतं का? वह्यांची दोन पानं सोबत जोडली आहेत. – एक आई, मानेवाडा, नागपूर

उत्तर : ताई, असं काम असतं. अभिलेखपाल ते करतो, आणि सरकारी अभिलेखागार, म्हणजे जुन्या कागदांचा दफ्तरखाना, आपल्या नागपुरातही आहे. तुम्ही पाठवलेली पानं मी दोनदा वाचली. तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर त्या पानांतच आहे.

एका पानावर राणी जुना तह जाळायला सांगते. दफ्तरदार नकार देते आणि राणीचा तो हुकूमच तारीख घालून तहाशेजारी ठेवून देते. कागद नष्ट करण्याचा हुकूम हाही जपायचा कागद आहे, हे सोळा-सतरा वर्षांच्या मुलीला सुचणं मला फार मोलाचं वाटतं. आपल्या देशात १९९३ चा सार्वजनिक अभिलेख कायदा आहे. केंद्र सरकारच्या दप्तरातला १८९२ पूर्वीचा कागद त्यानुसार नष्ट करता येत नाही. वाचता येणार नाही इतका खराब झाला असेल तरच अपवाद. दुसऱ्या पानावर ती कागद विषयवार लावत नाही, ज्या घराण्याकडून आले त्या घराण्याच्या नावानं एकत्र ठेवते. अभिलेखशास्त्राचा हा पहिला नियम आहे. कागद जिथून आला आणि ज्या क्रमानं आला, तो क्रम मोडायचा नाही.

आता खऱ्या कामाबद्दल. पेशवे दफ्तर पुण्यात आहे. तिथले कागद रुमालांत बांधलेले, बहुतेक मोडी लिपीत. शब्द सुटे लिहिलेले नसतात, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसतो आणि वर्ष येतं ते असं : ‘इसन्ने तिसैन मया व अलफ’. इसन्ने दोन, तिसैन नव्वद, मया शंभर, अलफ हजार, म्हणजे सुहूर सन ११९२. सुहूर ही त्या काळच्या दफ्तरांतली, अरबी आकडेशब्दांची कालगणना. इसवी सन काढायला यात ५९९ मिळवायचे की ६००, हे महिन्यावरून ठरतं, कारण हे वर्ष मृगाच्या सुमारास सुरू होतं. हिशेब लागला की इ.स. १७९१-९२ हाती येतं. एका ओळीवर अख्खी दुपार जाऊ शकते. आपल्या नागपुरात १९५६ पर्यंत मध्य प्रदेशाची राजधानी होती, त्यामुळे जुन्या प्रांताच्या कारभाराच्या फायली हा इथला मोठा ठेवा. यक्ष नाहीत, पण जमीन, जंगल, दुष्काळ, तुरुंग सगळं आहे. शिवाय नागपूरचं ऊन! मे महिन्यात कागद कोरडा पडून कडकडीत होतो, पावसाळ्यात ओल धरतो, मग कसर आणि वाळवी. हातात घेतला की कोपरा तुटतो.

म्हणून माझं स्पष्ट मत : सायन्स सोडू देऊ नका. कागद वाचवणं हे रसायनशास्त्राचं काम आहे. आम्ल कसं काढायचं, फाटलेल्या पानाला पातळ टिश्यू कोणत्या खळीनं चिकटवायचा, हे त्याच विद्येतून येतं. लखनौला सांस्कृतिक संपदेच्या संवर्धनाची राष्ट्रीय प्रयोगशाळा आहे. बेंगळुरूच्या राष्ट्रीय जैवविज्ञान केंद्रात तर शास्त्रज्ञांच्या टिपणवह्या आणि पत्रं जपणारा अभिलेखागार आहे. बारावीनंतर इतिहासात बी.ए. करावंसं वाटलं, तर सायन्सची मुलं तिकडे जाऊ शकतात. नीटचं मात्र तिच्याशी शांतपणे बोलून ठरवा. तिला डॉक्टर व्हायचंच नसेल तर क्लासची फी आणि तिचं वर्ष, दोन्ही कशाला घालवायचं?

पुढे दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागाराच्या संस्थेत एक वर्षाची पदविका आहे. त्या पदविकेला पदव्युत्तर शिक्षण लागतं, म्हणजे मुक्काम लांबचा आहे. जागांचं मी लपवत नाही : सरकारी पदं थोडी, जाहिराती उशिरा निघतात, घर चालवायला दुसरी वाटही हवी. रिझर्व्ह बँक आणि टाटा समूह यांचे अभिलेखागार पुण्यात आहेत, विद्यापीठं आणि संग्रहालयं आहेत, कागदांचं डिजिटायझेशन सुरू आहे. ग्रंथालयशास्त्राची पदवी जोडीला असली तर हात रिकामा राहत नाही. आणि ती कथा लिहीत राहिली तर उत्तमच, पण लेखनावर घर चालेल असं गृहीत धरू नका.

या सुट्टीत दोन गोष्टी करा. पुराभिलेख संचालनालय मोडीचे वर्ग घेतं. आपल्याकडे कधी आहे, याची चौकशी करून तिचं नाव घाला. दुसरं, तिला अभिलेखागारात घेऊन जा. आधी फोन करून वेळ आणि परवानगी विचारा, ओळखपत्र जवळ ठेवा. तिथल्या कर्मचाऱ्यांना ती स्वतः काय विचारते ते ऐका, तुम्ही मध्ये बोलू नका. घरी आल्यावर ती कंटाळली की आणखी प्रश्न घेऊन आली, हे मला लिहून कळवा. त्यावरून बारावीनंतरचं ठरवू.